म्हाताऱ्या आई-बापाची तक्रार आणि पोलीस ठाणं

मराठवाड्यातल्या पोलीस ठाण्यांत हे दृश्य नवीन नाही. पिशवीत सातबारा, बक्षीसपत्राची झेरॉक्स आणि आधार कार्ड घेऊन एखादे बाबा बाकावर बसलेले असतात. शेत मुलाच्या नावावर झालंय, आता तो घरात घेत नाही, अंगावर धावून येतो. ठाणे अंमलदार कागद चाळतात आणि सांगतात, "बाबा, हे दिवाणी मॅटर आहे, कोर्टात जा." फार झालं तर एनसी, म्हणजे अदखलपात्र गुन्ह्याची नुसती नोंद, करून घेतात. कायदा मात्र या उत्तराच्या कधीच पुढे गेला आहे.

1898 च्या फौजदारी संहितेत पोटगी होती ती बायको-मुलांना. मराठवाडा हैदराबाद राज्यातून निघून मुंबई राज्याला जोडला गेला त्याच 1956 साली हिंदू दत्तक व निर्वाह कायद्याने आई-वडिलांना हक्क दिला, पण तो दिवाणी दावा लावून मिळवायचा. फौजदारी संहितेत ते आले 1973 साली, कलम 125 मध्ये. दोन्हीकडे प्रश्न पोटगीच्या पैशाचा होता. राहतं घर आणि जीव यांची राखण कोणी करायची, हे तसंच राहिलं.

ते आलं 2007 च्या आई-वडील व ज्येष्ठ नागरिक चरितार्थ कायद्यात. महाराष्ट्रात तो 1 मार्च 2009 पासून लागू आहे. उपविभागीय अधिकाऱ्यापुढे अर्ज, वकील लागत नाही, निर्वाहभत्ता महिना 10,000 रुपयांपर्यंत. एवढं बऱ्याच जणांना ठाऊक असतं. पोलिसांशी संबंध येतो तो पुढच्या कलमांचा. सांभाळायची जबाबदारी असताना ज्येष्ठाला वाऱ्यावर सोडून देणं हा कलम 24 खाली गुन्हा आहे, शिक्षा तीन महिन्यांपर्यंत. आणि कलम 25 म्हणतं, हा गुन्हा दखलपात्र, म्हणजे पोलिसांनी स्वतः गुन्हा नोंदवून तपास करायचा. तेव्हा आई-बापाला टाकून दिल्याची तक्रार एनसीवर मिटवता येत नाही. ज्येष्ठांच्या जीविताचं आणि मालमत्तेचं रक्षण करण्याची योजना आखणं कलम 22 ने सरकारवरच टाकलं आहे. जमिनीच्या मोजणीला बंदोबस्त देणारं पोलीस खातं इथे हात वर करतं, हे मला पटत नाही.

आपल्याकडे भांडण पेटतं ते जमीन नावावर झाल्यावर. कोरडवाहू चार-पाच एकर, दोन-तीन मुलं, पीककर्ज आणि पीकविम्यासाठी प्रत्येकाला स्वतःच्या नावावर जमिनीचं खातं हवं असतं. समृद्धी महामार्गासारखा रस्ता आला की मावेजाचा, म्हणजे भरपाईचा वाद वेगळा. 2015 पासून राहतं घर किंवा शेतजमीन मुलाला-मुलीला बक्षीस द्यायला मुद्रांक शुल्क अवघं 200 रुपये आहे. देणं सोपं झालं, परत घेणं नाही. याच 2007 च्या कायद्याच्या कलम 23 प्रमाणे सांभाळण्याच्या अटीवर दिलेली मालमत्ता परत मिळू शकते, पण "सांभाळीन" हा शब्द दस्तात लिहिलेला कुठे असतो? डिसेंबर 2022 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने अशी अट दाखवावी लागेल म्हटलं. जानेवारी 2025 च्या निकालात हा कायदा ज्येष्ठांच्या बाजूने उदारपणे वाचा असं सांगितलं. मुलाला घराबाहेर काढण्याचा आदेश न्यायाधिकरण (अर्ज ऐकणारे उपविभागीय अधिकारी) देऊ शकतं, हे 2020 मध्येच स्पष्ट झालं होतं. मात्र सुनेचा राहण्याचा हक्कही त्यात तोलावा लागतो.

त्याच 2020 साली लातूर जिल्हा परिषदेने वेगळी वाट काढली. आई-वडिलांना न सांभाळणाऱ्या कर्मचाऱ्याच्या पगारातून 30 टक्के कापून ते थेट पालकांच्या खात्यावर टाकायचे, असा ठराव झाला आणि कपात प्रत्यक्ष झालीही. पण हा उपाय नोकरदार मुलांपुरता. ऊसतोडीला जाणाऱ्या किंवा बापाच्याच शेतावर बसलेल्या मुलाचा पगार कोण कापणार? तिथे पोलीसच लागतात.

म्हणून अर्ज लेखी द्यावा, त्यात कलम 24 आणि 25 लिहावं, मारहाण झाली असेल तर तारीख आणि दवाखान्याचा कागद जोडावा, पोच घ्यावी. ठाण्यात घेतला नाही तर तोच अर्ज टपालाने पोलीस अधीक्षकांना पाठवता येतो. जिवाला धोका असेल तेव्हा 112, सल्ला-मदतीला ज्येष्ठांची हेल्पलाइन 14567.