‘ऑप्शनला टाकणे’ आले कुठून?

धडा ‘ऑप्शनला टाकणे’ म्हणजे परीक्षेपुरता तो सोडून देणे. घोकंपट्टी जुनी आहे, आदल्या रात्रीचा अभ्यास तेवढा जुना नाही. पंतोजींच्या शाळेत तिसापर्यंत पाढे, वर पावकी, निमकी, पाऊणकी, सवायकी, दिडकी, औटकी असे अपूर्णांकांचे पाढे, असं सगळं तोंडपाठ लागे. पण ते रोजच्या परवच्यात, म्हणजे रोज मोठ्याने म्हणून, बसवलं जाई. पंतोजी आज विचारतील की उद्या, याचा नेम नसे. मग आदली रात्र कशाची धरणार?

ती रात्र आणली लेखी परीक्षेने. मुंबई विद्यापीठ 1857 मध्ये स्थापन झालं आणि 1859 मध्ये पहिली मॅट्रिक झाली. दिवस ठरलेला, पेपर सगळ्यांना एकच, तपासणारा अनोळखी. शिकवणं परीक्षेच्या दावणीला बांधलं गेलं आहे, अशी तक्रार 1902 च्या भारतीय विद्यापीठ आयोगानेच करून ठेवली आहे. पुढे 1966 मध्ये राज्य मंडळ आलं, 1975 पासून एसएससी अकरावीऐवजी दहावीला होऊ लागली. ठाणे-नवी मुंबईच्या दहावी-बारावीचा कारभार आज वाशीतल्या विभागीय मंडळातून चालतो.

खरी मेख मात्र ‘पाचपैकी कोणतेही तीन सोडवा’ या ओळीत आहे. पर्याय आले आणि धडे ऑप्शनला जाऊ लागले. जुन्या पेपरांत तेच प्रश्न फिरून येतात हे कळल्यावर ‘आयएमपी’च्या (महत्त्वाच्या प्रश्नांच्या) याद्या आणि अपेक्षित प्रश्नसंच आले. झेरॉक्सवाल्यांचीही सोय झाली.

मुंबई विद्यापीठाच्या अभियांत्रिकीच्या पेपरात हा हिशेब नीट दिसतो. गेल्या दशकात रुळलेला साचा असा होता: 80 गुण, सहा प्रश्न, प्रत्येकी 20, पहिला सक्तीचा, उरलेल्या पाचांतले कोणतेही तीन. पास व्हायला 32. अभ्यासक्रमाच्या सहा भागांपैकी (मॉड्यूलपैकी) तीन केले की काम झालं, असं वाटतं. फसगत इथेच होते. सक्तीचा प्रश्न सगळ्या अभ्यासक्रमावर फिरतो आणि बाकीचे मिश्र असतात: ‘अ’ तिसऱ्या मॉड्यूलवरचा असेल तर ‘ब’ दुसऱ्याच मॉड्यूलचा. तीन मॉड्यूल सोडणाऱ्याच्या हाती मग अर्धे-अर्धे प्रश्न उरतात. एखादं मॉड्यूल सोडणं परवडतं, दोन सोडणं जुगार.

नाईट मारून, म्हणजे रात्रभर जागून, केलेलं टिकत का नाही, याची मोजणी हेर्मान एबिंगहाउस या जर्मन अभ्यासकाने 1885 मध्ये प्रसिद्ध केली. निरर्थक अक्षरसमूहांच्या याद्या त्याने स्वतःच पाठ केल्या. पुन्हा पाठ करताना श्रम किती कमी लागले, त्यावरून त्याने आठवणीतली शिल्लक मोजली: 20 मिनिटांनी 58 टक्के, तासाने 44, दिवसाने 34. अर्थ असलेला मजकूर इतक्या लवकर निसटत नाही, पण उतार तसाच. आणखी एक आकडा: एका बैठकीत 68 वेळा घोकून जे साधलं, ते तीन दिवसांत वाटून 38 वेळांत साधलं. परवचा म्हणजे दुसरं काय होतं!

तरी रट्टा अगदीच फसत असता, तर कधीच बंद पडला असता. रोएडिगर आणि कार्पिके या मानसशास्त्रज्ञांच्या 2006 च्या प्रयोगात उतारा पुन्हा पुन्हा वाचणाऱ्यांना पाच मिनिटांनी 83 टक्के आठवलं, एकदा वाचून मग न बघता तीनदा आठवून लिहिणाऱ्यांना 71. आठवड्याने वाचणारे 40 वर घसरले, लिहिणारे 61 वर राहिले. वाचताना सगळं ओळखीचं वाटतं, तीच फसवणूक. म्हणून एकच रात्र हाती असेल तर मागच्या पाच वर्षांचे पेपर समोर ठेवून परत आलेले प्रश्न निवडावेत, उत्तर एकदा वाचावं, पुस्तक मिटून मुद्दे आणि आकृती कागदावर काढावी, अडेल तेवढंच पुन्हा बघावं. आणि झोपावं. झोपेत विसरणं कमी होतं हे जेन्किन्स आणि डॅलेनबाख या मानसशास्त्रज्ञांनी 1924 मध्येच दाखवलं होतं.

ठाणे-वाशी लोकलचा अर्धा तास सूत्रं आठवून लिहायला पुरतो. नवा धडा तिथे उघडू नये. पूर्वी बोर्डाचा पेपर दहा मिनिटं आधी हातात पडे आणि कोणते प्रश्न सोडायचे ते तेव्हाच ठरे. 2023 पासून ती दहा मिनिटं शेवटी जोडली आहेत, त्यामुळे ही निवड आता लिहिण्याच्या वेळातून करावी लागते.