हाक ते हात: चापटीच्या पत्त्यांची पार्श्वभूमी

मित्रांच्या कोंडाळ्यात पहिल्यांदाच ‘इजिप्शियन रॅटस्क्रू’ खेळायला बसलेल्याला नियम साधारण असे सांगितले जातात: आपल्या पाळीला वरचं पान उलट, चित्र (राजा, राणी, गुलाम) किंवा एक्का आला तर पुढच्याने फेडायचं, जोडी दिसली की हात मार. झालं. कॅट (पत्त्यांचा अख्खा जोड) वाटून होतो, पानं पडू लागतात, आणि चार-पाच मिनिटांत नवख्याच्या हातातली पानं संपतात. कधी संपली, हेही त्याला कळत नाही. बाकीचे हसत सांगतात, ‘येईल सवयीने.’ ते खरं आहे. पण सवय नेमकी कशाची व्हायला हवी, हे कळायचं तर हा खेळ कशाकशाचा मिळून झाला ते पाहावं लागतं. वरच्या नियमांतलं फेडणं, जोडी ओळखणं आणि हात मारणं या तिन्ही गोष्टी वेगवेगळ्या खेळांतून आलेल्या आहेत, आणि तिन्ही खेळ माणसाकडून वेगवेगळी गोष्ट मागतात.

‘फेडायचं’ हा भाग सर्वांत जुना. तो ब्रिटनमधल्या ‘बेगर-माय-नेबर’चा. सगळी पानं वाटून टाकायची, कोणी आपली पानं बघायची नाहीत, आणि पाळीपाळीने एकेक पान मधल्या ढिगावर उलटायचं. एक्का पडला तर पुढच्याने चार पानं द्यायची, राजाला तीन, राणीला दोन, गुलामाला एक. देता देता त्याच्याच हातून चित्र किंवा एक्का निघाला, तर देणं त्याच्या पुढच्यावर सरकतं. नाही निघाला, तर अख्खा ढीग ज्याने चित्र टाकलं त्याचा. चार्ल्स डिकन्सच्या ‘ग्रेट एक्स्पेक्टेशन्स’मध्ये (१८६०-६१) पिप पहिल्यांदा मिस हॅविशॅमच्या घरी जातो, तेव्हा त्याला येणारा एकमेव पत्त्यांचा खेळ हाच असतो, आणि एस्टेला त्यात त्याला पार धुऊन काढते. तिच्या हुशारीचा त्यात काही संबंध नव्हता, कारण या खेळात हुशारीला जागाच नाही. पानं वाटून झाली की निकाल ठरलेला असतो. खेळणारे फक्त तो उलगडत बसतात.

तरीही या बिनडोक खेळाने गणितज्ञांना बराच काळ सतावलं. बावन्न पानांची अशी एखादी वाटणी आहे का, की जिच्यात डाव कधीच संपणार नाही? हा प्रश्न जॉन कॉनवेसारख्या नामवंत गणितज्ञाने गांभीर्याने घेतला होता. उत्तर यायला २०२४ उजाडावं लागलं: ब्रेडन कॅसेलाला तशी वाटणी सापडली. दोन खेळाडू ती घेऊन बसले, तर पानं फिरत फिरत पुन्हा आधीच्याच एका स्थितीला येतात आणि डाव अनंतकाळ चालतो. ज्यांनी पावसाळी सुट्टीत हा खेळ खेळला आहे त्यांना याचं फारसं आश्चर्य वाटणार नाही.

दुसरा नियम, म्हणजे जोडी ओळखण्याचा, ‘स्नॅप’मधून आला. लंडनच्या जॅक्स कंपनीने हा खेळ १८६६ साली बाजारात आणला. क्रीडासाहित्य बनवणारं हे घराणं तोवर चांगलंच नावाजलेलं होतं. बुद्धिबळाच्या ‘स्टाँटन’ सोंगट्या त्यांच्याच, १८४९ च्या. स्नॅपची पानं सुरुवातीला खास छापलेली, गमतीशीर चित्रांची होती. नेहमीच्या कॅटनेही तो खेळता येतो हे लोकांनी लगेच ओळखलं. प्रत्येकाने आपल्यापुढे आपला उघड्या पानांचा ढीग रचायचा, कोणत्याही दोन ढिगांवर सारखी पानं दिसली की ‘स्नॅप!’ म्हणून ओरडायचं, आणि जो आधी ओरडेल त्याने ते दोन्ही ढीग उचलायचे. पत्त्यांच्या खेळात इथे एक नवीच गोष्ट शिरली. आता पानं कोणाकडे कशी आली यापेक्षा कोण जागा आहे याला महत्त्व आलं. सहा वर्षांचं पोर आजोबांना हरवू शकतं, आणि हरवतंच.

पण स्नॅपमध्ये एक भोक राहून गेलं होतं. दोघे एकदम ओरडले तर? आवाज हवेत विरतो, मागे पुरावा राहत नाही. ‘मी आधी म्हणालो’, ‘नाही, मी’ हा वाद मिटवायला तिथे कोणी पंच नसतो. नियमात यावर एक तोडगा आहे: ते ढीग मध्ये ठेवून द्यायचे आणि पुन्हा तसंच पान आलं की त्यासाठी वेगळी आरोळी ठोकायची. म्हणजे ओरडण्याचा वाद मिटवायला आणखी ओरडणं. माझ्या मते चापटीच्या खेळांचा खरा जन्म या भोकातून झाला.

‘स्लॅपजॅक’ने ते बुजवलं. नियम अगदी लहान मुलालाही झेपेल असा: पाळीपाळीने एकाच मधल्या ढिगावर पानं उलटायची, आणि गुलाम पडला की ढिगावर हात मारायचा. ज्याचा हात सर्वांत खाली, ढीग त्याचा. या शेवटच्या वाक्यात सगळी करामत आहे. चार हात एकावर एक पडले तरी पानाला कोणाचा तळवा टेकला आहे हे सगळ्यांना दिसतं, आणि ज्याचा टेकला त्याला जाणवतंही. निकाल टेबलावरच पडलेला असतो. पंचाची गरज संपली. शिवाय खोट्या हाकेपेक्षा खोटी चापट पकडणं सोपं, त्यामुळे चुकीच्या चापटीला दंडही लावता आला: गुलाम नसताना हात मारलात तर तुमचं एक पान गेलं.

मात्र हे सगळं जमायला आणखी एक गोष्ट आधी व्हावी लागली, आणि तिची आठवण फारशी कोणी काढत नाही. ती म्हणजे पानांची छपाई. जुन्या युरोपीय कॅटमध्ये राजा, राणी, गुलाम पायापासून डोक्यापर्यंत उभे काढलेले असत. समोर बसलेल्याला ते उलटे दिसत, त्याला पान ओळखायला क्षणभर जास्त लागे. दोन्ही टोकांना डोकं असलेली चित्रं काढण्याची कल्पना फ्रान्समध्ये १७४५ च्या सुमाराची. एकोणिसाव्या शतकात ती सर्वत्र रुळली. कोपऱ्यातली अक्षरं आणि आकडे त्याहून अलीकडचे. अमेरिकेत सायरस सॅलडीने १८६४ साली त्यासाठी पेटंट घेतलं, आणि पुढच्या दोनेक दशकांत कोपऱ्यात खूण नसलेला कॅट जुनाट वाटू लागला. हे बदल झाले ते हातात पानं धरून गंभीर डाव खेळणाऱ्यांच्या सोयीसाठी. पानांचा पंखा पूर्ण न उलगडता कोपऱ्यावरून हात वाचता यावा, इतकाच हेतू. पण त्याचा आयता फायदा चापटीच्या खेळांना झाला: टेबलाच्या कुठल्याही बाजूने पान एकाच झटक्यात ओळखू येऊ लागलं. स्पर्धा सेकंदाच्या पाव भागाची असते, तिथे एकालाच चित्र उलटं दिसणं म्हणजे डाव आधीच गेला.

पाव सेकंद हा आकडा मी उगाच घेतलेला नाही. तरुण, निरोगी माणसाला ठरावीक खूण दिसल्यावर ठरावीक हालचाल करायला साधारण २०० ते २५० मिलिसेकंद लागतात. ही मोजणी पद्धतशीरपणे सुरू झाली ती स्नॅप बाजारात आल्यानंतर दोनच वर्षांनी, हा निव्वळ योगायोग. उट्रेख्तचे डच शरीरशास्त्रज्ञ फ्रान्सिस्कस डोंडर्स यांनी १८६८ साली तीन प्रकारच्या चाचण्या मांडल्या. एकीत खूण एकच आणि उत्तरही एकच. दुसरीत खुणा अनेक आणि प्रत्येकीला वेगळं उत्तर. तिसरीत खुणा अनेक, पण उत्तर फक्त एकीलाच द्यायचं, बाकी वेळी गप्प बसायचं. ते ‘का, के, की, को, कू’ असे उच्चार ऐकवत आणि समोरच्याने फक्त ‘की’ ऐकल्यावरच ‘की’ म्हणायचं. स्लॅपजॅक म्हणजे नेमकी ही तिसरी चाचणी: गुलामाला हात, बाकी बारा प्रकारच्या पानांना संयम. नवखे बहुधा हळू असतात म्हणून हरत नाहीत. त्यांचा हात राणीवरही पडतो, आणि दंडात पानं जातात. थांबणं हे मारण्याइतकंच शिकावं लागतं.

इजिप्शियन रॅटस्क्रूने या सगळ्यांची मोट बांधली. हा अमेरिकेत वाढलेला आधुनिक खेळ; इजिप्तशी त्याचा काडीचा संबंध नाही. बेगर-माय-नेबरचं देणंघेणं, स्नॅपची जोडी आणि स्लॅपजॅकचा हात असे तिन्ही त्यात आहेत. देण्याचा दरही तोच, फक्त इथे त्याला ‘संधी’ म्हणतात: गुलामाला एक, राणीला दोन, राजाला तीन, एक्क्याला चार. शिवाय ‘सँडविच’, म्हणजे दोन सारख्या पानांच्या मध्ये एक वेगळं पान आलं तरी चापट. काही मंडळी त्यात भर घालतात: राजा-राणी लागोपाठ आले तर, दोन पानांची बेरीज दहा झाली तर, वरचं पान ढिगाच्या अगदी तळच्या पानासारखं असलं तर. ज्याची पानं संपली तोही बरोबर चापट मारून परत डावात येऊ शकतो, त्यामुळे हरलेला माणूस सर्वांत जास्त टवकारून बसलेला असतो.

खेळाची खरी लबाडी एका क्षणात दाखवता येते. ढिगावर किलवरची सत्ती आहे. तुमच्या आधीच्याने तिच्यावर चौकटची राणी टाकली. तुमच्यावर देणं आलं, दोन संधी. तुम्ही पहिलं पान उलटता: बदामची सत्ती. तुमच्या डोक्यात येतं, ‘चित्र नाही. एक संधी गेली, एक उरली.’ तेवढ्यात पलीकडून धाडकन हात पडतो. सत्ती, राणी, सत्ती: सँडविच होतं, तुमच्याच पानाने झालं होतं, आणि फेडण्याच्या नियमापेक्षा चापटीचा नियम वरचढ असतो. तुम्ही हिशोब बघत होता. तो ढीग बघत होता.

हा खेळ माणसाला एकाच वेळी दोन चोपड्या सांभाळायला लावतो आणि एकीत गुंतवून दुसरीत लुटतो. सँडविच ओळखायचं तर वरचं पान, त्याखालचं आणि त्याच्याही खालचं लक्षात ठेवायचं, आणि प्रत्येक नव्या पानाबरोबर ही यादी सरकवायची. वेन कर्चनर यांनी १९५८ साली मांडलेली स्मरणाची चाचणी जवळपास अशीच आहे. मानसशास्त्रात ती आजही वापरतात. विल्यम हिक यांनी १९५२ मध्ये दाखवलं की पर्याय वाढले की प्रतिसादाचा वेळही ठरावीक रीतीने वाढतो. म्हणून पहिल्याच दिवशी नवख्यावर सगळे पोटनियम लादणारे मित्र त्याला शिकवत नसतात, त्याची पानं गोळा करत असतात. आधी फक्त जोडी, ती अंगवळणी पडली की सँडविच, मग बाकीचं. हा क्रम सगळ्यांना परवडतो.

बारीकसारीक शिष्टाचारही अनुभवातून आलेले आहेत. पान उलटताना ते आपल्यापासून दूर, समोरच्यांच्या दिशेने उलटायचं, म्हणजे टाकणाऱ्याला ते आधी दिसत नाही. ज्या हाताने पान टाकलं त्याच हाताने चापट मारायची, नाहीतर दुसरा हात ढिगावर घिरट्या घालत राहतो. अंगठ्या काढून ठेवायच्या. हे शेवटचं एकदा कोणाच्या तरी बोटाची साल निघाल्यावर सगळ्यांना आपोआप पटतं. हा खेळ पुस्तकापेक्षा तोंडोतोंडी जास्त पसरला, त्यामुळे प्रत्येक टोळक्याचे नियम थोडे निराळे. दोन टोळकी एकत्र बसली की पहिली दहा मिनिटं दंड एका पानाचा की दोन पानांचा यावर जातात, आणि ती घालवावीतच.

खेळ बनवणाऱ्या कंपन्यांनी मग चापटीच्या जागी इतर वस्तू ठेवून पाहिल्या. हाइम शाफिर यांच्या ‘हाली गाली’त (१९९०) एका प्रकारची बरोबर पाच फळं दिसली की मधली घंटी वाजवायची. ‘जंगल स्पीड’मध्ये मधला लाकडी खांब हिसकायचा. दोन्हींत ‘आधी कोण’ याचा पुरावा राहतो, हाताला मार मात्र कमी बसतो.

दुसरी वाट ‘आयरिश स्नॅप’ची. पान टाकताना प्रत्येकाने क्रमाने ‘एक्का, दुर्री, तिर्री’ असं म्हणत जायचं. तोंडातलं आणि टेबलावरचं पान जुळलं की सगळ्यांनी चापट मारायची. २०१८ चा ‘टॅको कॅट गोट चीज पिझ्झा’ याच साच्यातला आहे, फक्त आकड्यांऐवजी त्या पाच शब्दांची माळ. कानावर ‘कॅट’ (इथे मांजर) पडतं, डोळ्यांना बोकड दिसतो, आणि हात गोंधळतो. शब्दाचा अर्थ आणि डोळ्यांपुढची गोष्ट यांची टक्कर झाली की माणूस अडखळतो, हे जॉन रिडली स्ट्रूप यांनी १९३५ साली रंगांच्या नावांवरून दाखवलं होतं. वर काही खास पानं येतात तेव्हा चापटीआधी छाती बडवायची, टेबल ठोकायचं किंवा डोक्यावर शिंग करायचं, तेही सगळ्यांनी.

या खेळात बक्षीस उलटं आहे. पानं हातात असेपर्यंत सर्वांत आधी हात मारणाऱ्याला काहीच मिळत नाही. सर्वांत शेवटी मारणाऱ्याच्या गळ्यात अख्खा ढीग पडतो, आणि जिंकायचं तर आधी आपली पानं संपवायची असतात. त्यामुळे एकटा चपळ माणूस सगळ्यांना धुऊन काढू शकत नाही. रॅटस्क्रूत तो तासभर एकटाच ढीग उचलत बसतो. इथे त्याच्या चपळाईचा उपयोग मुख्यतः इतकाच की त्याला दंड बसत नाही, आणि खरी चुरस शेवटच्या दोन हातांमध्ये लागते. नवख्याला घेऊन बसायचं असेल, तर सुरुवात इथूनच करावी.