डॉक्टर माबुझ, डेअर श्पीलर

फ्रिट्झ लांग यांनी दिग्दर्शित केलेला हा जर्मन मूकपट १९२२ साली बर्लिनमध्ये दोन भागांत प्रदर्शित झाला. पहिला भाग २७ एप्रिलला, तर दुसरा मे महिन्यात पडद्यावर आला. दोन्ही मिळून तो सुमारे साडेचार तास चालतो. नॉर्बर्ट जाक यांच्या कादंबरीवरून थेआ फॉन हारबू यांनी त्याची पटकथा लिहिली. (याच हारबू पुढे अयी तेंडुलकर या मराठी पत्रकाराच्या पत्नी झाल्या.) शीर्षकातील ‘श्पीलर’ या शब्दाचे जुगारी आणि खेळणारा असे दोन्ही अर्थ होतात, आणि रुडोल्फ क्लाइन-रोगं यांनी रंगवलेल्या माबुझ या गुन्हेगारी सूत्रधाराला ते सारखेच लागू पडतात.

चित्रपटाची खरी करामत सुरुवातीच्या चोरीत आहे. धावत्या आगगाडीत एका दूताकडून गुप्त व्यापारी कराराची पिशवी हिसकावली जाते. गाडी पुलावर येताच चोर घड्याळ पाहून ती खिडकीबाहेर टाकतो आणि नेमकी त्याच क्षणी पुलाखालून जाणाऱ्या उघड्या मोटारीत ती पडते. तारेच्या खांबावर चढून बसलेला साथीदार हे पाहतो आणि काम फत्ते झाल्याचे टेलिफोनवरून माबुझला कळवतो. करार हरवल्याच्या बातमीने शेअर बाजार कोसळतो, वेशांतर करून तेथे आलेला माबुझ पडत्या भावाने खरेदी करतो, आणि मोहोर शाबूत असलेला करार सापडल्याची वार्ता येऊन भाव चढताच सारे विकून टाकतो. कराराच्या कागदात काय लिहिले आहे याच्याशी त्याला कर्तव्य नसते. दोन बातम्यांमधला वेळ तेवढा त्याला हवा असतो. आगगाडीचे वेळापत्रक, मोटार, टेलिफोन आणि बाजार ही आधुनिक शहराची व्यवस्था बिनचूक चालते, याच भरवशावर ही चोरी उभी आहे, म्हणून त्या काळच्या तिजोरीफोडीच्या कथांपेक्षा ती आजही अधिक अस्वस्थ करते.

त्यानंतर संमोहनाच्या बळावर श्रीमंतांना जुगारात लुबाडण्याचे प्रसंग बरेच लांबले आहेत. त्यासोबत तळघरात बनावट नोटांचा छापखानाही चालू असतो आणि तेथे अंध माणसे राबत असतात. महायुद्धानंतरच्या जर्मनीत चलनाची किंमत झपाट्याने घसरत असताना खरी नोट आणि खोटी नोट यांतले अंतर प्रेक्षकांना फार मोठे वाटले नसावे.

अखेरीस पोलिसांपासून पळणारा माबुझ याच छापखान्यात शिरतो. त्याचे दरवाजे आतून उघडत नाहीत. खोट्या नोटांच्या ढिगाऱ्यात त्याला भास होऊ लागतात, समोरचे यंत्र राक्षसाचे रूप घेते आणि पोलीस पोहोचतात तेव्हा तो वेडा झालेला असतो.