एका एकरात माणसं किती?

२०१४ च्या जुलैत पाऊस रुसला होता. पेरण्या अडल्या होत्या, झोप तशीही कोणाला येत नव्हती, म्हणून आम्ही सात-आठ जण रात्री साडेबाराला विश्वचषक फुटबॉलचा अंतिम सामना बघत बसलो. जर्मनीने अर्जेंटिनाला एका गोलने हरवलं. दोन दिवसांनी टपरीवर पेपर वाचताना काकाजींचं बोट एका आकड्यावर थांबलं. रिओच्या माराकाना स्टेडियममधली प्रेक्षकसंख्या ७४,७३८.

"चौऱ्याहत्तर हजार समजलं," काकाजी म्हणाले, "पण वरचे सातशे अडतीस कोणं मोजले बे?"

प्रश्न शंभर नंबरी होता. जत्रेतली, सभेतली, शंकरपटातली म्हणजे बैलांच्या शर्यतीतली गर्दी आपण 'हजारो' नाही तर 'लाखो' म्हणून सोडून देतो. शेवटचे अडतीस मोजायची आपल्याला सवयच नाही. तेव्हापासून मी हा विषय धरून ठेवला आहे, कारण गर्दीचा आकडा नुसता मिरवण्याचा नसतो, त्यावर माणसांचे जीव अवलंबून असतात.

काकाजींचं उत्तर सोपं आहे. ते सातशे अडतीस तिकिटांनी मोजले. स्टेडियममध्ये प्रत्येक खुर्चीला नंबर असतो, प्रत्येक तिकिटाला नंबर असतो आणि फाटकावर फिरता अडसर असतो, ज्यातून एका वेळी एकच माणूस आत जातो. अडसर फिरला की आकडा एकाने वाढतो. तरीही एक गोष्ट लक्षात ठेवायला हवी. व्यावसायिक फुटबॉलच्या पुष्कळ लीगमध्ये जाहीर होणारी संख्या ही विकल्या गेलेल्या तिकिटांची असते. वर्षभराचा पास काढलेला माणूस त्या दिवशी तापाने घरी झोपला असला, तरी तो 'उपस्थित' धरला जातो. म्हणून कधीकधी टीव्हीवर रिकाम्या खुर्च्या दिसतात आणि निवेदक मात्र भरगच्च आकडा सांगतो.

जुन्या काळी फरक उलट्या बाजूने पडायचा. याच माराकानात १६ जुलै १९५० ला ब्राझील-उरुग्वे सामना झाला. तिकीट काढून आलेले १,७३,८५०. फुकट शिरलेले धरले तर आत दोन लाखांच्या आसपास माणूस होता, असं मानतात. त्याआधी १९२३ मध्ये लंडनच्या नव्याकोऱ्या वेम्बली मैदानावर इंग्लंडच्या एफए कपची अंतिम लढत झाली. अधिकृत आकडा १,२६,०४७, पण लोक भिंतींवरून चढून आले आणि प्रत्यक्ष गर्दी दोन लाखांच्या पुढे गेली असा बहुतेकांचा अंदाज आहे. मैदानातच माणसं उभी होती. घोडेस्वार पोलिसांनी त्यांना हळूहळू रेषेबाहेर रेटलं, तेव्हा पाऊण तास उशिरा खेळ सुरू झाला. त्यातला 'बिली' नावाचा पांढरा घोडा पुढे इतका प्रसिद्ध झाला की तो सामना आजही पांढऱ्या घोड्याच्या नावाने ओळखला जातो.

आपल्या देशातलं उदाहरण कोलकात्याच्या सॉल्ट लेक स्टेडियमचं. १३ जुलै १९९७, फेडरेशन कपची उपांत्य फेरी, ईस्ट बंगाल विरुद्ध मोहन बागान. बायचुंग भुतियाने तीन गोल मारले आणि बघायला होते १,३१,७८१ लोक. वीस वर्षांनी, २८ ऑक्टोबर २०१७ ला, त्याच स्टेडियममध्ये सतरा वर्षांखालील विश्वचषकाचा अंतिम सामना झाला. स्टेडियम भरलेलं होतं आणि प्रेक्षक होते ६६,६८४. जवळजवळ निम्मे. खेळाची आवड निम्मी झाली नव्हती. पूर्वी लांबलचक बाकांसारख्या पायऱ्यांवर माणसं दाटीवाटीने बसत, आता प्रत्येकाला वेगळी खुर्ची आहे. एसटीच्या बाकावर तिघांच्या जागी पाच जण बसतात, तसं खुर्चीत करता येत नाही. माराकानाचंही तेच झालं. म्हणून 'पूर्वी केवढी गर्दी व्हायची' असं कोणी म्हणालं, की आधी विचारावं, माणशी जागा किती होती?

इथून खरं विज्ञान सुरू होतं. जिथे तिकीट नाही, फाटक नाही, तिथे गर्दी कशी मोजायची? आपल्या शेतकऱ्याला याचं उत्तर अर्धं ठाऊक आहे. दरवर्षी ३० सप्टेंबरला नजरअंदाज पैसेवारी, म्हणजे पीक किती आलं याचा सरकारी अंदाज, निघते, मग सुधारित, आणि ३१ डिसेंबरला अंतिम. नजरअंदाज म्हणजे धुऱ्यावर, वावराच्या बांधावर, उभं राहून बघितलेलं पीक. अंतिम पैसेवारीसाठी मात्र पीक कापणी प्रयोग होतो. गावातलं एखादं वावर निवडायचं, त्यात ठरावीक मापाचा चौकोन आखायचा, तेवढंच पीक कापून वजन करायचं आणि हिशेब पूर्ण क्षेत्राला लावायचा. सगळं गाव कापून मोजावं लागत नाही.

गर्दीला हाच हिशेब लावला हर्बर्ट जेकब्ज या माणसाने. १९६० च्या दशकात ते अमेरिकेतल्या बर्कली विद्यापीठात पत्रकारिता शिकवत. त्यांच्या खिडकीखालच्या चौकात विद्यार्थ्यांच्या निषेधसभा भरत. चौकाच्या फरशीवर चौकोन आखलेले होते. जेकब्ज यांनी काही चौकोनांतली माणसं मोजली, सरासरी काढली, चौकोनांच्या संख्येने गुणली. त्यातून निघालेलं कोष्टक आजही वापरतात. मोकळ्या गर्दीत, म्हणजे हात पसरला तर शेजाऱ्याला लागेल एवढ्या अंतरावर, माणशी १० चौरस फूट. दाट गर्दीत साडेचार. खांद्याला खांदा घासणाऱ्या गर्दीत अडीच.

आता हे आपल्या मापात बसवू. एक एकर म्हणजे ४३,५६० चौरस फूट. मोकळ्या गर्दीत एकरभर वावरात ४,३५६ माणसं मावतात, दाट गर्दीत ९,६८०, आणि अगदी कोंबून भरली तर १७,४२४. हे तीन आकडे मी शाळेतल्या पोरांकडून पाठ करून घेतो. गावाबाहेरच्या पाच एकरांच्या पडीत वावरात 'दोन लाखांची सभा' झाली असं कोणी सांगितलं, तर एकरी चाळीस हजार माणसं धरावी लागतात. चौरस मीटरला जवळजवळ दहा. असं खरोखर झालं असतं तर सभेच्या बातमीऐवजी मृतांची बातमी आली असती. का, ते पुढे सांगतो.

त्याआधी धुऱ्याची गोष्ट. चौकोन आखताना रेषेवर येणारं झाड आतलं की बाहेरचं? चौकोन छोटा असेल तर आतल्या झाडांच्या मानाने रेषेवरची झाडं पुष्कळ असतात, आणि कापणाऱ्याचा हात नकळत त्यांना आत ओढतो. १९४० च्या दशकात यावर आपल्या देशात मोठा वाद झाला. संख्याशास्त्रज्ञ प्रशांतचंद्र महालनोबिस लहान तुकड्यांच्या बाजूचे होते. सातारा जिल्ह्यात जन्मलेले दुसरे संख्याशास्त्रज्ञ पांडुरंग वासुदेव सुखात्मे यांनी शेतांतल्या प्रयोगांतून दाखवलं, की तुकडा लहान घेतला तर उत्पन्नाचा अंदाज खऱ्यापेक्षा जास्त निघतो. गर्दीलाही हे जसंच्या तसं लागू पडतं. फोटोत दहा फुटांचा चौकोन काढून डोकी मोजली, तर कडेवरचं अर्धं डोकं प्रत्येक जण आतच धरतो. दुसरी चूक त्याहून मोठी. कॅमेरा नेहमी मंचाजवळची गर्दी टिपतो. धुऱ्याजवळची, खत साचलेली हिरवीगार पऱ्हाटी बघून सगळ्या वावराचा उतारा सांगावा, तसं ते होतं. म्हणून पुढचा, मधला आणि मागचा भाग वेगवेगळा मोजावा लागतो. आता ड्रोनच्या फोटोवरून संगणक डोकी मोजतो, पण त्याचा हिशेबही असाच तुकड्यातुकड्यांचा आहे.

दाटीचं पुढचं गणित अंगावर काटा आणणारं आहे. चौरस मीटरमध्ये चार माणसं असली तर माणूस आपल्या मर्जीने पाऊल टाकू शकतो. सहाच्या वर धोका सुरू होतो. जॉन फ्रुइन या अमेरिकी अभियंत्याने दाखवलं, की सातच्या आसपास गर्दी पाण्यासारखी वागू लागते. मागून आलेला रेटा लाटेसारखा पुढे सरकतो, माणसं काही फूट फेकली जातात, पाय जमिनीवरून सुटतात. चेंगराचेंगरी म्हटलं की आपल्या डोळ्यांपुढे पडलेली, तुडवलेली माणसं येतात. प्रत्यक्षात पुष्कळ मृत्यू उभ्याउभ्या होतात. छातीवर इतका दाब येतो की श्वास घ्यायला बरगड्या फुलतच नाहीत. मागच्याला पुढे काय चाललंय ते दिसत नाही, आणि पुढच्याचं ओरडणं मागे पोचत नाही. यात दोष त्या माणसांचा नसतो.

१५ एप्रिल १९८९ ला इंग्लंडमध्ये शेफिल्डच्या हिल्सबरो मैदानावर हेच झालं. एफए कपचा उपांत्य सामना होता. एका टोकाच्या उभं राहण्याच्या पायऱ्यांसाठी १०,१०० तिकिटं होती आणि तिथे जायला फिरते अडसर होते सात. आजच्या इंग्रजी नियमपुस्तिकेत एका अडसरातून तासाला जास्तीत जास्त ६६० माणसं धरतात. सातांतून ४,६२०. म्हणजे दहा हजार माणूस आत घ्यायला दोन तासांहून अधिक वेळ. सामना तीनला होता, बाहेर गर्दी चेपू लागली, आणि २ वाजून ५२ मिनिटांनी पोलिसांनी बाजूचं मोठं फाटक उघडलं. लोंढा समोरच्या बोगद्यातून मधल्या दोन जाळीबंद कप्प्यांत शिरला. बाजूच्या कप्प्यांत तेव्हाही मोकळी जागा होती, पण तिकडे वळवायला कोणी उभं नव्हतं. एकूण ९७ जण गेले. त्या टोकाला माणसं तिकिटांच्या मानाने जास्त झाली नव्हती. एकूण आकडा ठीक होता, वाटणी चुकली. मला या विषयातली सगळ्यात महत्त्वाची गोष्ट हीच वाटते. वावराची सरासरी बरी असली तरी एका कोपऱ्यात पाणी साचून पीक सडू शकतं.

त्यानंतर न्यायमूर्ती टेलर यांचा चौकशी अहवाल आला आणि इंग्लंडच्या वरच्या दर्जाच्या मैदानांवर सगळ्यांना खुर्च्या सक्तीच्या झाल्या. तरी जगात इतरत्र हे थांबलं नाही. १ ऑक्टोबर २०२२ ला इंडोनेशियातल्या कांजुरुहान स्टेडियममध्ये ३८,००० ची सोय असताना ४२,००० तिकिटं छापली होती. सामन्यानंतर पोलिसांनी अश्रुधूर सोडला, लोक दारांकडे धावले, १३५ जण मेले. आणि आपल्याकडे १६ ऑगस्ट १९८० ला कोलकात्याच्या ईडन गार्डनवर फुटबॉल बघायला गेलेले सोळा जण परत आले नाहीत.

हे सगळं वाचून झालं होतं, आणि एका माघात आमच्या शेजारच्या गावी शंकरपट भरला. न्यायालयाने बंदी उठवल्यावरचा पट, त्यामुळे उत्साह फार. भोंग्यावरून "पन्नास हजार पब्लिक" अशी घोषणा चालू होती. मी आणि काकाजी टेप घेऊन फिरलो. बैल पळायच्या पट्ट्याच्या दोन्ही बाजूंना लोक होते. प्रत्येक बाजू साधारण ५०० फूट लांब, ४० फूट रुंद. मिळून ४०,००० चौरस फूट. दोरीजवळची अर्धी जागा दाट, मागची अर्धी मोकळी. पुढे साडेचारने भागलं, ४,४४४. मागे दहाने भागलं, २,०००. बैलबंड्यांवर उभे असलेले, बाभळीवर चढलेली पोरं आणि फल्लीवाल्यांच्या भोवतीचे लोक धरून सातेक हजार. पन्नास हजार मानले, तर माणशी एक चौरस फूटही जागा येत नव्हती. जेवायला बसायचा पाट त्याहून मोठा असतो.

काकाजींना आकडा छोटा निघाल्याचं थोडं वाईट वाटलं. मला मात्र सात हजारांचीच काळजी वाटत होती. वावराला चारी बाजूंनी काटेरी तारेचं कुंपण होतं आणि बाहेर पडायला बंडी जाईल एवढं, बारा फुटांचं एकच फाटक. सपाट जमिनीवर एक मीटर रुंदीतून मिनिटाला ८२ माणसं जातात असं त्याच इंग्रजी पुस्तिकेत धरलेलं आहे. बारा फुटांतून मिनिटाला तीनशे. सात हजार माणूस बाहेर पडायला तेवीस मिनिटं, तेही सगळे शिस्तीने चालले तर. एखादी जोडी उधळली, कुठे आग लागली, तर तेवीस मिनिटं कोणाकडे आहेत? स्टेडियममध्ये आठ मिनिटांत सगळे निघावेत असा हिशेब असतो. त्यासाठी इथे पस्तीस फूट वाट लागली असती.

आम्ही कमिटीच्या लोकांना मातीत काडीने आकडे मांडून दाखवले. भोंगा सांभाळणाऱ्याला पटलं नाही, पण ज्यांचं वावर होतं ते भाऊ बराच वेळ त्या आकड्यांकडे बघत राहिले. मग त्यांनी घरून पक्कड मागवली आणि नाल्याकडच्या बाजूने दोन ठिकाणी तार कापून बाजूला गुंडाळून ठेवली. काकाजींनी दोन्ही खिंडी टेपने मोजल्या. एक तेरा फूट भरली, दुसरी अकरा.