गनाशला तूप का सुटतं?

परवा भाचीचा फोन आला. "मावशी, मिश्रण फाटलंय, टाकून देऊ का?" मैत्रिणीच्या वाढदिवसासाठी ती चहाच्या स्वादाची ट्रफल्स, म्हणजे चॉकलेटचे मऊ गोळे, करत होती. तिने फोन पातेल्यावर धरला. मधोमध रवाळ काळा गोळा आणि कडेने चकचकीत तेलाचं कडं. शिऱ्याला असं तूप सुटलं की आपण खूश होऊन गॅस बंद करतो. गनाशला, म्हणजे साय आणि चॉकलेटच्या मिश्रणाला, तूप सुटलं की ते बिघडलं.

मी म्हटलं, "टाकू नकोस. चमचाभर कोमट दूध घाल आणि मधोमध ढवळत राहा." ती गप्पच झाली. चॉकलेटला पाण्याचा थेंबही लागू द्यायचा नाही, हा नियम तिला पाठ होता. नियम खरा आहे, पण अर्धाच, आणि उरलेला अर्धा मला इतका आवडतो की त्यासाठीच हा लेख लिहिते आहे.

चॉकलेटमध्ये पाणी जवळजवळ नसतंच. कोको बटर या चरबीत साखरेचे आणि कोकोचे अतिशय बारीक कण बुडालेले असतात. त्यात पाण्याचा एक थेंब पडला की साखरेचे कण वरून ओले होतात आणि एकमेकांना चिकटतात. पिठीसाखरेच्या डब्यात ओला चमचा गेल्यावर गोळे होतात ना, तसंच. पण पाणी भरपूर असेल तर? साखर पूर्ण विरघळते, तिचा पाक होतो आणि चरबी त्या पाकात थेंबाथेंबांनी विखुरते. आधी चरबी बाहेर होती आणि बाकी सगळं तिच्या पोटात. आता पाक बाहेर आणि चरबी त्याच्या पोटात. अशा मिश्रणाला इमल्शन म्हणतात. दूध हेही इमल्शनच. चरबीचे थेंब एकमेकांत मिसळू नयेत म्हणून दुधातली प्रथिनं आणि चॉकलेटमधलं लेसिथिन (वेष्टनावर ३२२ हा क्रमांक दिसेल) त्यांच्याभोवती पातळ आवरण धरतात.

मग तूप कधी सुटतं? पाकात थेंबांना जागा पुरेनाशी झाली की. आणि ही जागा मोजता येते!

मार्केट यार्डात संत्र्यांचे ढीग रचतात, ते आठवा. सारख्या आकाराचे गोळे कितीही नीट रचले तरी जास्तीत जास्त सुमारे ७४ टक्के जागा भरते. असा अंदाज खगोलशास्त्रज्ञ केप्लरने १६११ साली मांडला. गणितज्ञ टॉमस हेल्स यांनी त्याची सिद्धता १९९८ साली दिली, म्हणजे मध्ये जवळजवळ चार शतकं गेली. संत्री न रचता पोत्यात नुसती ओतून हलवली, तर मात्र साधारण ६४ टक्क्यांवर अडतात. पातेल्यातले थेंब कोणी रचत नाही, म्हणून आपल्या कामाचा आकडा हा दुसरा.

आता भाचीच्या पातेल्याचा ढोबळ हिशोब. ७० टक्के कोकोचं डार्क चॉकलेट २०० ग्रॅम, त्यात चरबी सुमारे ८४ ग्रॅम आणि साखर ६०. बाजारात मिळणाऱ्या २५ टक्के चरबीच्या क्रीमचे १०० ग्रॅम, त्यात पाणी अंदाजे ६८. वजनाचं घनफळात रूपांतर केलं तर चरबी आणि कोकोचे कण मिळून साधारण ६० टक्के जागा घेतात. दाटी आहे, पण निभावतं. मात्र तिने क्रीममध्ये १० ग्रॅम चहा पाच मिनिटं मुरवून गाळला होता. गाळल्यावर पुन्हा वजन केलंस का, असं मी विचारलं. केलं नव्हतं. दुसऱ्या दिवशी मी माझ्याकडे तोच प्रकार केला. १०० ग्रॅम क्रीम गेलं, ७२ परत आलं. २८ ग्रॅम चोथ्याने पिऊन टाकलं होतं. ७२ धरून हिशोब पुन्हा मांडला, तर दाटी ६० वरून ६४ टक्क्यांवर जाते.

बरोबर ६४ आला याचा मला झालेला आनंद बाजूला ठेवते. खरे थेंब सारख्या आकाराचे नसतात, छोटे मोठ्यांच्या फटीत बसतात, शिवाय ते मऊ असल्याने दबतात. म्हणजे ६४ ही पक्की भिंत नव्हे. उलट कोकोचे कणही थोडं पाणी शोषतात, त्याने दाटी आणखी वाढते. पण दिशा स्पष्ट आहे. दाटी वाढली की थेंब एकमेकांवर चेपले जातात, आवरणं फाटतात, थेंब एकत्र येतात आणि तूप सुटतं. कमी पडलेलं असतं ते पाणी. दुधात सुमारे ८७ टक्के पाणी असतं, म्हणून दूध. अशा वेळी लोणी घालायचा सल्ला देणारे भेटतात, त्याने गर्दी वाढतेच. भाचीचं मिश्रण दुसऱ्या चमच्याला जुळून आलं.

तेव्हा क्रीम चहा घालण्यापूर्वी तोला, गाळल्यावर पुन्हा तोला आणि तूट क्रीमनेच भरून काढा.

चहा कोणता? आपल्या घरातली सीटीसी पूड चालते. तिचे दाणे पान चिरडून, फाडून, वळवून केलेले असतात, त्यामुळे अर्क झटकन उतरतो. अमृततुल्यसारखा उकळू मात्र नका. क्रीमला कडेने बुडबुडे आले की गॅस बंद करून चहा घाला आणि पाच मिनिटं झाका. चहाचे बरेचसे सुगंधी रेणू चरबीत छान विरघळतात, तर तुरटपणा देणारे टॅनिन दुधातलं केसीन हे प्रथिन धरून ठेवतं. म्हणून क्रीममधला चहा जिभेला मऊ लागतो. आलं हवं असेल तर ते आधी थोड्या पाण्यात उकळून घ्या. कच्च्या आल्यातलं एन्झाइम दुधातली प्रथिनं तोडतं आणि क्रीम नासू शकतं.

हल्ली अशी ट्रफल्स 'डिटॉक्स' म्हणून विकली जातात, त्याची मला चीड येते. शरीरातली नको ती द्रव्यं बाहेर काढायचं काम यकृत आणि मूत्रपिंडं करतात. ट्रफल म्हणजे चरबी आणि साखर, सोबत किंचित चहा. चवीसाठी खावं, औषध म्हणून विकू नये.

गनाश फ्रीजमध्ये घट्ट झालं की गोळे वळायचे. कोको बटर ३४ अंशांच्या आसपास वितळतं आणि तळहात जवळपास तितकाच गरम असतो. पुण्यात एप्रिलमध्ये तर स्वयंपाकघरही त्याच्या आसपास पोचतं. म्हणून पहाटे वळा, हात गार पाण्यात बुडवून खडखडीत कोरडे करा, आणि एका वेळी पाच-सहा गोळ्यांपुरतंच गनाश बाहेर काढा.