सातबारा एक सांगतो, माती दुसरंच

सांगलीत शामरावनगरकडच्या सखल भागात पाऊस संपल्यावरही रिकाम्या प्लॉटांत पाणी साचून राहतं. त्यात पाणकणीस उगवतं, बगळे येतात, डास तर येतातच. अशा जागेला पाणथळ म्हणायचं की गटाराअभावी तुंबलेला प्लॉट? उत्तरावर गुंठ्याचा भाव ठरतो, त्यामुळे असा प्रश्न फार काळ शास्त्रज्ञांपुरता राहत नाही.

सातबाऱ्यावर पाणथळीसाठी रकानाच नाही. जमीन जिरायत, बागायत, नाहीतर पोटखराबा. ओढ्या-नाल्याखालची जागा पोटखराब्याच्या वर्ग ‘ब’मध्ये जाते. पण ओतातली, म्हणजे नदीकाठच्या सखल पट्ट्यातली जमीन, जिथे कृष्णेचं पाणी चढतं आणि सावकाश उतरतं, ती खातेदाराच्या नावावर लागवडीखाली असू शकते. मग मुरमाचे डंपर येतात, भराव पडतो, गुंठेवारीचे प्लॉट पडतात. घेणारा बहुधा दुसरीकडे घर न परवडणारा माणूस असतो, हेही विसरता येत नाही.

निळ्या आणि लाल पूररेषेचा इथे सर्रास घोळ होतो. निळी रेषा साधारण २५ वर्षांतून एकदा येणाऱ्या पुराची, लाल १०० वर्षांतून एकदा येणाऱ्या पुराची. नदी किती फुगेल, एवढंच त्या सांगतात. पाणथळ ओळखायची तर पुराची उंची बाजूला ठेवून जमीन किती दिवस भिजून राहते ते पाहावं लागतं.

आणि ते मातीत उतरलेलं असतं. पाण्याने मातीतली छिद्रं भरली की हवा आत जात नाही. सूक्ष्मजीव उरलासुरला ऑक्सिजन काही दिवसांत संपवतात आणि श्वसनासाठी आधी नायट्रेट, मग मँगनीज, मग लोह वापरू लागतात. मातीला तांबूस रंग देणारं लोह या क्रियेत विरघळणारं होतं आणि पाण्याबरोबर सरकतं, मागे राखाडी माती उरते. पाणी ओसरल्यावर मुळांच्या वाटांनी हवा शिरते, तिथे लोह पुन्हा गंजतं आणि राखाडीत तांबड्या-नारिंगी रेषा आणि ठिपके दिसतात. वर चार फूट मुरूम टाकला तरी हे ठिपके खालच्या थरात राहतात. गिरमिटाने नमुना काढला की सापडतात.

जमीनमालकाच्या वकिलाला मात्र इथे दोन चांगले मुद्दे मिळतात. एक, पाणी कायमचं काढून दिल्यावरही हे ठिपके वर्षानुवर्षं टिकतात. म्हणजे माती ‘इथे पाणी होतं’ एवढंच सांगते, ‘आहे’ असं नाही. दुसरा मुद्दा खास कृष्णाकाठचा. इथली माती मुळातच काळी, तिच्यात राखाडी-तांबडा फरक नीट दिसत नाही. म्हणून वनस्पती आणि भूजल यांचीही साक्ष लागते. पाणकणसाच्या खोडात, मुळात हवेच्या पोकळ्या असतात; त्यातून ते चिखलातल्या मुळांना ऑक्सिजन पुरवतो. ज्वारीला ते जमत नाही. मातीत सच्छिद्र पाइप रोवून पावसाळाभर पाण्याची पातळी मोजली, तर वाद निम्मा संपेल. पण मोजणी व्हायची पावसाळ्यात आणि जागेची पाहणी होते एप्रिलमध्ये, जमिनीला भेगा पडलेल्या असताना!

विज्ञानाने ओली ठरवलेली जागा कायद्याच्या कक्षेत येईलच असंही नाही. अमेरिकेत आयडाहोतल्या सॅकेट दांपत्याने २००७ मध्ये घरासाठी प्लॉटवर भराव टाकला आणि पर्यावरण खात्याने काम थांबवलं. २०२३ मध्ये तिथलं सर्वोच्च न्यायालय म्हणालं की संघराज्याच्या कायद्याचं संरक्षण हवं असेल, तर पाणथळीचा नदी-तलावासारख्या पाण्याशी पृष्ठभागावरून सलग संबंध हवा. जमिनीखालून पाझरणारं पाणी हिशेबातून गेलं. पाण्याला हा नियम कुणी कळवलेला नाही.

आपल्याकडची गफलत वेगळी आहे. २०१७ च्या पाणथळ नियमांच्या व्याख्येतून नदीपात्र, भातखाचरं आणि सिंचनासाठी किंवा पिण्याच्या पाण्यासाठी बांधलेले जलाशय वगळले आहेत. साताऱ्यातल्या मायणीचा तलाव सिंचनासाठी बांधलेला. तिथे हिवाळ्यात रोहित पक्षी उतरतात, ते बांधकामाचा हेतू विचारत नाहीत. त्या तलावाला पक्षी संवर्धन राखीव म्हणून संरक्षण मिळालं ते वन्यजीव कायद्याच्या वाटेने.

ओतांना तीही वाट नाही. डिसेंबर २०२४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने राज्यांना पाणथळींची जागेवर पडताळणी आणि सीमांकन करायला सांगितलं, तेही सव्वादोन हेक्टरांहून मोठ्या जागांपुरतं. म्हणजे साधारण साडेपाच एकर. भरावाने तुकडे पडलेले ओत या मापात बसणं अवघड. अहमदाबादच्या अंतराळ उपयोग केंद्राने उपग्रहचित्रांवरून केलेली मोठ्या पाणथळींची यादी दोन लाखांच्या वर गेली आहे. सांगलीतले छोटे ओत नोंदवायचे असतील तर महापालिकेलाच जुलैत माणसं पाठवावी लागतील, गिरमीट घेऊन.