दोरीवरची बाहुली आणि फ्रेमागणिक हलणारी बाहुली

पडद्यावर दोन बाहुल्या एकमेकींवर रुसतात, एक शब्दही न बोलता पुन्हा जवळ येतात, आणि आपण ‘पपेट फिल्म’ म्हणून मोकळे होतो. पण ती बाहुली कळसूत्री आहे की स्टॉप-मोशनची, म्हणजे थोडी थोडी हलवून एकेक चित्र टिपलेली, यावर त्यांचं नातं कसं दिसणार हे ठरतं.

कळसूत्री बाहुली कॅमेऱ्यासमोर खरोखर हलते. कुडाळजवळच्या पिंगुळीत ठाकर कलावंत नाचवतात तीही तशीच, आणि ‘बीइंग जॉन माल्कोविच’ (१९९९) या चित्रपटात फिलिप ह्यूबर यांनी नाचवलेलीही तशीच. सूत्रधाराच्या हाताची थरथर दोरीतून थेट खाली उतरते. पंचाईत होते ती स्पर्शाची. मिठी मारायला लावली की दोऱ्यांचा गुंता. मग जवळीक अंतरातून दाखवावी लागते: एकीनं मान वळवली, दुसरी अर्धं पाऊल पुढे येऊन थांबली.

स्टॉप-मोशनच्या बाहुलीला चित्र टिपताना कुणी धरलेलं नसतं. आत सांध्यांचा धातूचा सांगाडा. हात किंचित सरकवायचा, चित्र टिपायचं, पुन्हा सरकवायचा. सेकंदाला अशी २४ चित्रं, म्हणजे २४ फ्रेम. पुष्कळदा एकच स्थिती दोन फ्रेम ठेवतात, तरी १२ वेळा हलवणं आलंच. इथे मिठी जमते, अवघड असतो तो संकोच. खांद्याकडे निघालेला हात मध्येच किती फ्रेम अडखळणार, हे मोजून ठरवावं लागतं. कळसूत्रीत तो संकोच कधीकधी आपसूक येतो, फुकटात!

स्टॉप-मोशनचे चेक दिग्दर्शक यिर्झी त्रन्का तर बाहुलीचा चेहराही बदलत नसत. मान जरा झुकवायची, उजेड बदलायचा. तोच चेहरा उदास वाटू लागतो. मला हे ओठ-भुवया बदलत राहण्यापेक्षा कितीतरी सरस वाटतं.

त्यांच्या ‘रुका’ (१९६५) या संवादाविना चालणाऱ्या लघुपटात कळसूत्री आणि स्टॉप-मोशन हे दोन्ही प्रकार समोरासमोर येतात. एक विदूषक आपल्या फुलझाडासाठी कुंडी घडवतोय. एक प्रचंड हात, खराखुरा माणसाचा, येऊन हट्ट धरतो: कुंडी नको, माझा पुतळा घडव. विदूषक ऐकत नाही. शेवटी हात त्याला सोनेरी पिंजऱ्यात कोंडतो आणि दोऱ्या बांधून त्याच्याकडून पुतळा घडवून घेतो. एरवी फ्रेमागणिक आपला आपण हलणारा तो जीव इथे अक्षरशः दुसऱ्याच्या हातचं कळसूत्री बाहुलं होतो. त्या दोऱ्या तो मेणबत्तीवर जाळतो.